रोटाचे हात

१

मंगळवारी दुपारी तीनच्या सुमारास भिकुबाई ओरडली. जळगावच्या पिंप्राळ्यातली आमची गल्ली अरुंद आहे, तिचं घर माझ्या ओट्यासमोरच. मी धावलो तेव्हा ती जिन्याच्या वरच्या पायरीवर बसली होती, तोंडात पदर कोंबून.

"नाना, मना ललित," एवढंच म्हणाली.

मी पोलिसात बत्तीस वर्षं काढली, हवालदार म्हणून निवृत्त झालो. प्रेतं पुष्कळ पाहिली. मी वर जाऊन त्या खोलीच्या दारात उभा राहिलो.

तिचा पोरगा ललित खुर्चीत बसल्या बसल्या टेबलावर पालथा पडला होता. डोक्याची मागची बाजू फुटलेल्या मडक्यासारखी आत गेली होती. रक्त टेबलाच्या कडेवरून अजून टपकत होतं. पायाशी पाच किलोचं डंबेल पडलं होतं, त्याला केस चिकटलेले. त्याच्यासमोर कॉम्प्युटरचा पडदा चालूच होता. पडद्यावर एक किल्ला जळत होता आणि बारीक बारीक शिपाई एकमेकांना भाल्यानं भोसकत होते. खेळाला काय, मालक मेला तरी लढाई थांबत नव्हती.

जुनी सवय म्हणून मी कशाला हात न लावता खोली पाहून घेतली. जमिनीवर सतरंजी, तिच्यावर स्टीलचं ताट, चाटूनपुसून रिकामं. खोलीला लागून न्हाणीघर, प्रेतापासून तीन पावलांवर. न्हाणीघराची फरशी कोरडी, साबण कोरडा, टॉवेल घडी घातलेला. रक्ताचे थेंब मात्र दारातून बाहेर पडून जिना उतरत होते, मागच्या अंगणातून तिरके जाऊन कोपऱ्यातल्या भिंतीशी संपत होते. तिथं नुकती खणलेली माती, तिच्यावर फरशीचा एक तुकडा आणि भिंतीला टेकवलेली लोखंडी सब्बल होती. भिंत पुरुषभर उंच, माथ्यावर बाटल्यांच्या काचा रोवलेल्या.

भिकुबाई सकाळी अकराला वरणगावला आजारी बहिणीकडे गेली होती. निघताना पोराला ताट वाढून, झाकून गेली होती. परवाच्या रविवारी त्यांच्याकडे कानबाई, खानदेशातली कुळाची देवी, बसली होती, सोमवारी विसर्जन झालं. त्यामुळे घरात रोट, म्हणजे तिच्या नैवेद्याच्या जाड पोळ्या, चालू होते.

"दोन रोजफाईन जेवना नही तो," ती म्हणाली. "आज ताट रिकामं दिसनं तं माले बरं वाटनं, नाना. पहिल्यांदा माले ताटच दिसनं."

दुसऱ्या दिवशी सकाळीच शवविच्छेदनाचा कागद आला. ललितच्या पोटात चहाशिवाय काही नव्हतं.

२

तपास फौजदार रोहिणी बागुल यांच्याकडे होता. पोरगी नवीन भरती झाली तेव्हा वर्षभर माझ्या हाताखाली होती. आता हुकूम ती देते, पण मला अजून नाना म्हणते.

"नाना, आरोपी सापडला. तुम्ही निवांत राहा."

"जेवला कोण, ते सापडलं का?"

"खुनी जेवला असेल. भूक लागते माणसाला."

"डोकं फोडायला आलेला माणूस सतरंजीवर मांडी घालून जेवतो?"

ती मला कोठडीकडे घेऊन गेली.

आरोपी होता प्रकाश पावरा, बावीस वर्षांचा, चोपड्याच्या वर सातपुड्याच्या पायथ्याचा. पिंप्राळ्यात एका बांधकामावर सेंटरिंगचं काम करायचा. पोलीस पोचायच्या आधी ललितच्या खेळातली दहाबारा पोरं त्या बांधकामावर पोचली होती. त्यांनी त्याला फळ्यांनी मारलं होतं. एक डोळा मिटलेला, पुढचे दोन दात गेलेले, ओठ शिवलेला.

हा खेळ काय होता, ते रोहिणीनं मला समजावलं. 'गडझुंज' नावाचा मोबाईलवरचा लढाईचा खेळ. मूळ खेळ परदेशी कंपनीचा. त्यात बुरूज बांधायला दिवसचे दिवस लागतात, नाहीतर पैसे देऊन हिरे घ्यावे लागतात. ललितनं त्या खेळाची चोरटी नक्कल आपल्या खोलीतल्या मशीनवर चालवली होती. हिरे फुकट, बुरूज चुटकीसरशी. जळगाव-धुळ्याची चार हजार पोरं त्यात लढायची. हे ॲप मोबाईलच्या दुकानात मिळत नाही. ग्रुपवरून फाईल घ्यायची, मोबाईल धोक्याचा इशारा देतो, तो बाजूला सारायचा. मग ॲप फोटो मागतं, संदेश मागतं, तुम्ही कुठं आहात ते मागतं. पोरं सगळ्याला होय म्हणतात, कारण समोर हिरे चमकत असतात.

"ह्याच्या आईच्या खात्यातले पैसे गेले," रोहिणी म्हणाली. "बँकेचा गुप्त नंबर ह्याच्या मोबाईलवर आला, तो त्या ॲपनं वाचला. ह्यानं रविवारी ललितला आवाज पाठवला. ऐका."

तिनं मोबाईल धरला. प्रकाशचा आवाज होता, रडका आणि चिडका. "मनी मायना पैसा दे. नहीतं तुनं डोकं फोडसू."

"आणि मंगळवारी एक वाजून वीस मिनिटांनी, ह्याच्याच खात्यावरून लेखी निरोप. 'मी खाली उभा आहे. दार उघड.' त्या वेळी ह्याचा मोबाईल पिंप्राळ्यातच होता. अजून काय पाहिजे?"

"बांधकामच पिंप्राळ्यात आहे," प्रकाश आतून म्हणाला. दात नसल्यामुळे शब्द निसटत होते. "मोबाईल चार्जिंगले व्हता, साहेब. मी स्लॅबवर व्हतो."

"पहिलं तू बोललास ना? डोकं फोडीन?" रोहिणीनं विचारलं.

"बोलनू. सगळाच बोलतस."

मी त्याला तळवे दाखवायला सांगितले. सिमेंटनं खाल्लेले, घट्टे पडलेले हात. जुन्या जखमा होत्या. नवी एकही नाही.

"ताई, तुमचा खुनी मागच्या भिंतीवरून पळाला म्हणता. काचांवर रक्त होतं का? कापडाचा धागा?"

"नाही," ती हळूच म्हणाली. "पण थेंब तिथंच संपतात."

बाहेर ओट्यावर त्याचे आईबाप बसले होते. बाप डोंगरसिंग, आई भुरीबाई. म्हातारा उठून माझ्याजवळ आला.

"आबा, पोरगं जिवंत घरी येई का?"

'येईल' हे खोटं मला तोंडावर आणावंसं वाटेना.

तेवढ्यात रोहिणीच्या मोबाईलवर एक चित्र आलं. खेळाच्या ग्रुपवर कुणीतरी टाकलेलं. त्यात झाडाखालची एक झोपडी, खाली नकाशा, आणि एकच ओळ. 'गुरुवारी दुपारी. रक्ताला रक्त.'

भुरीबाईनं वाकून पाहिलं. "हाई तं आमनं घर शे," ती म्हणाली.

३

ते चित्र 'सुभेदार' नावाच्या खात्यावरून आलं होतं. हा सुभेदार कोण, ते कुणाला माहीत नव्हतं. खेळात ललितच्या खालोखाल त्याचा मान. चार हजार जणांचे ठावठिकाणे ललितच्या मशीनमध्ये साठत होते, आणि सुभेदार ते पाहू शकत होता.

"मशीन बंद करून टाका," मी म्हणालो.

"बंद केलं तर सुभेदार कुठं पळाला ते कळणार नाही. दारात शिपाई ठेवलाय. आणि झोपडीवर चोपड्याचे दोन शिपाई पाठवतेय."

चार हजार पोरांपुढं दोन शिपाई.

त्याच बुधवारी दुपारी ललितचा अंत्यविधी झाला. त्याचे वडील लहानपणीच गेलेले. अग्नी दिला चुलतभावानं, नवलनं. धुळ्यात पांझरेकाठी त्याचं मोबाईल दुरुस्तीचं दुकान. पस्तिशीचा, अंगानं भरलेला, डोकं नुकतं भादरलेलं. सुतकासाठी तो भिकुबाईकडेच राहिला होता. मी गेलो तेव्हा तो ओट्यावर बसला होता आणि आत त्याची बायको दीपमाला भिकुबाईला चहा पाजायचा प्रयत्न करत होती.

"नाना, त्या पावऱ्याला फाशी होईल ना?"

"आधी कोर्ट ठरवेल. तू मंगळवारी दुपारी कुठं होतास?"

त्यानं माझ्याकडे पाहिलं, मग खिन्न हसला. "विचारा, तुमचं कामच ते. मी धुळ्यात, दुकानात. गडझुंज खेळत होतो. एक ते तीन मोठी लढाई होती. माझी फौज साठ जणांनी पाहिली असेल. समोरच्या बाजूला हिलाल होता, त्यालाच विचारा. ललितशी ज्याचं खरं वैर होतं त्यालाच."

"कानबाईला आला होतास?"

"यंदा नाही जमलं. दुकान होतं. यंदा रोटाचा घास नाही मिळाला, आणि पुढं हे." त्यानं डोळे पुसले.

आतून भिकुबाई म्हणाली, "पहिल्यांदाच नही उना तो. मी तरी त्याना सव्वा मूठ गहू काढात."

मला नीट कळलं नाही म्हणून दीपमालानं सांगितलं. कुळातल्या दर मोठ्या पुरुषामागं सव्वा मूठ गहू मोजून काढायचे, त्याचं पीठ, त्याचे रोट. ह्या कुळात आता मोठे पुरुष दोनच उरले होते, ललित आणि नवल. म्हणून अडीच मुठी. पुनवेच्या आत ते संपवायचे आणि कुळाबाहेरच्या कुणाला त्यातला कणही द्यायचा नाही. आता सुतक पडल्यामुळे उरलेले रोट कपड्यात बांधून ठेवले होते.

"ललित शेवटी काही बोलला का?" मी भिकुबाईला विचारलं.

"म्हने, आई, मना हाततून लोकेसनं वाटोळं व्हयनं. मंगळवारी चार वाजता सगळास्ले सांगसू म्हने."

ते खरं होतं. खेळाच्या फलकावर ललितनं लिहून ठेवलं होतं, मंगळवारी चारला सगळ्यांनी गडावर या. पोरांना वाटलं नवे हिरे येणार.

मी निघालो तेव्हा नवल म्हणाला, "नाना, हिलाल मारका आहे. जपून जा. त्यानं ललितची बोटं मोडली होती, ठाऊक आहे ना?"

४

त्याच संध्याकाळी मी धुळ्यात हिलालच्या मोटार रिवाइंडिंगच्या दुकानात गेलो. तांब्याच्या तारा, वार्निशचा वास. माणूस तिशीचा, मनगटं दंडाएवढी. मी नाव सांगितलं तशी त्यानं हातातला हातोडा खाली ठेवला नाही.

"मोडली बोटं," तो म्हणाला. "उजव्या हाताची दोन. ह्या हातोड्याच्या दांड्यानं. टेबलावर हात धरला आणि एकेक मोडलं. दुसऱ्या बोटाला तो मुतला. अजून काय लिहून घ्यायचं?"

"का मोडलीस?"

तो आत पाहून बोलला. आत शिलाई मशीनचा आवाज येत होता. "माझी बहीण कोकिळा. तिच्या मोबाईलवर तिच्या पोरानं हे ॲप टाकलं. तिचे घरातले फोटो बाहेर गेले. कुणीतरी ते विकले. नवऱ्यानं तिला मारत माझ्या दारात आणून टाकली, आबा. पोटावर बुटाचे वळ होते."

मशीन थांबलं. परत सुरू झालं.

"ललितनं विकले?"

"मलाही तेच वाटलं. पण बोटं मोडताना माणूस खोटं बोलत नाही. तो रडत होता, म्हणत होता, ॲप मी बनवलं नाही, मी फक्त मशीन चालवतो, ॲप सुभेदार बनवतो. मी म्हटलं, सुभेदार कोण? तिसरं बोट धरलं तरी नाव सांगेना. म्हणाला, माझा माणूस आहे, मीच त्याच्याशी बोलतो, पंधरा दिवस दे."

"मंगळवारी पंधरा दिवस होत होते?"

"हो."

"आणि मंगळवारी दुपारी तू?"

"लढत होतो. नवलभाऊच्या फौजेशी. विचारा कुणालाही."

मी उठलो. मग आठवलं म्हणून विचारलं, "प्रकाश पावरा म्हणतो, तो निरोप त्यानं लिहिलाच नाही. असं होऊ शकतं का?"

हिलाल पहिल्यांदा हसला. "आबा, खऱ्या खेळात नाही होत. तिथं कंपनीचा पहारा असतो. ह्या चोरट्या खेळात मशीनच्या दोन चाव्या आहेत. एक ललितची, एक सुभेदाराची. ज्याच्याकडे चावी तो कुणाच्याही नावानं बोलतो. घड्याळ मागंपुढं करतो. मी झोपेत असताना माझ्या फौजेनं माझ्याच भावाचा किल्ला जाळलेला आहे."

"आणि फौज आपोआप लढू शकते?"

"चावीवाल्याची लढते. लावून दिली की यंत्रासारखी चालते, मालक जेवायला गेला तरी."

"मग हिलाल, मंगळवारी मी लढत होतो ह्या तुझ्या म्हणण्याला काय किंमत?"

त्यानं हातोडा खाली ठेवला.

"काही नाही," तो म्हणाला. "पण मी खोटं कशाला बोलू? मारायचं असतं तर त्याच दिवशी मारलं असतं. उद्या मी येतो जळगावला. मशीनसमोर बसवा मला. सुभेदार दाखवून देतो."

जळगावच्या बसमध्ये मी दोघांनाही मनातल्या मनात तराजूत घातलं. हिलालकडे राग होता, ताकद होती. नवलचा पुरावा गेला होता, पण हिलालचाही गेला होता. आणि सुभेदार तिसराच कुणी असू शकत होता. खून ह्या तिघांपैकी कुणीही केलेला असू शकत होता. ताट मात्र मला सोडत नव्हतं.

५

गुरुवारी सकाळी मी भिकुबाईच्या मागच्या अंगणात उभा राहिलो, जिथं थेंब संपत होते.

एक गोष्ट मला पहिल्या दिवसापासून खुपत होती. हात रक्तानं भरलेले. तीन पावलांवर न्हाणीघर, नळ, साबण, टॉवेल. आणि खुनी तसाच जिना उतरतो, उघड्या अंगणातून चालतो, जिथं शेजारच्या गच्चीवरून कुणीही पाहील. पळायला म्हणावं तर समोरचं दार उघडं होतं. असा वेडेपणा माणूस कशासाठी करतो?

भिकुबाई मागं येऊन उभी राहिली होती.

"अक्का, हा खड्डा कसला?"

"रोटना शे," ती म्हणाली. "रोट खाईसन हात धवाना त्यामा. ते पानी मोरीमा जाऊ देत नहीत, नाना. कोनाना पाय पडाले नको. ताटबी त्याच पानीघाई धवाना. सगळं संपनं की खड्डा बुजाडना."

माझ्या घरी कानबाई नाही. पन्नास वर्षं शेजारी राहून मला हे ठाऊक नव्हतं.

"परका माणूस इथं हात धुईल का?"

"परकाले रोट देतसच कोन?"

"आणि तुमच्या कुळातला माणूस घाईत असला, घाबरलेला असला, तर वरच्या नळावर धुईल का?"

ती माझ्याकडे अशी पाहू लागली, जणू मी विचारलं होतं की माणूस पायानं जेवेल का. "दूध पेतसे तैपाशी शिकाडेल ऱ्हास," ती म्हणाली. "हात आपोआप आठे येतस."

मी फरशीचा तुकडा उचलला. खड्डा हातभर खोल. तळाला मऊ चिखल. कडेला गंगाफळाचा, म्हणजे भोपळ्याचा, पिवळा गर, फुगलेले रोटाचे कण. आणि त्या सगळ्यावर वाळलेला तांबडा-काळा थर, जणू कुणी गेरू ओतला होता.

भिकुबाईनं ते पाहिलं. तिला वेगळं काही सांगावं लागलं नाही. तिच्या घरात रोट खाणारे मोठे पुरुष दोनच होते, आणि त्यातल्या एकाचं पोट रिकामं निघालं होतं. दीपमाला मंगळवारी दिवसभर धुळ्यात पोराच्या शाळेत होती, ते रोहिणीनं आधीच पाहून घेतलं होतं.

"तोच अग्नी दिधा," भिकुबाई म्हणाली. आवाज कुठून तरी लांबून आल्यासारखा. "मना ललितले."

तेवढ्यात माझा मोबाईल वाजला. रोहिणी होती.

"नाना, पंचवीस मोटारसायकली चोपडा ओलांडून गेल्यात. हॉकीस्टिक, पेट्रोलच्या बाटल्या. तिथं माझे दोन शिपाई आहेत. सुभेदार त्यांना रस्ता सांगतोय, आत्ता, ह्या क्षणी."

मी घराच्या उघड्या दारांतून आरपार ओट्याकडे पाहिलं. नवल पाय पसरून बसला होता. मान खाली, दोन्ही अंगठे मोबाईलवर.

६

मी रोहिणीला फोनवरच खड्ड्याचं सांगितलं. ती पंधरा मिनिटांत आली, बरोबर हिलाल. तो सरळ वर गेला, ललितच्या मशीनसमोर. त्या खुर्चीवर बसायला त्याला क्षणभर जड गेलं, मग बसला.

आम्ही नवलला मागच्या अंगणात बोलावलं. तो खड्ड्याजवळ येऊन थांबला. फरशी बाजूला पाहून त्याची नजर एकदाच खाली गेली आणि वर आली.

"नवल," मी म्हणालो, "ललित उपाशी मेला. त्याचं ताट कुणीतरी खाल्लं. खाणाऱ्यानं हात वर धुतले नाहीत, इथं येऊन धुतले. रक्तासकट."

"मग? पावऱ्यानं धुतले असतील."

"सातपुड्यातल्या पोराला तुमच्या रोटाचा खड्डा कुणी सांगितला? न्हाणीघर सोडून तो इथं येईल?"

"हिलाल..."

"हिलालला ललितनं रोट वाढले? बोटं मोडणाऱ्याला?"

"नाना, मी धुळ्यात होतो! साठ जणांनी..."

"फौज धुळ्यात होती. ती आपोआप लढते. आणि प्रकाशचा निरोपही तूच लिहिलास, खून झाल्यावर, घड्याळ मागं करून."

रोहिणीनं वर पाहून हात हलवला. हिलालनं मशीनवरून सुभेदाराच्या खात्याला लढाईची हाक दिली. नवलच्या खिशात तुतारी वाजली. थांबली. परत वाजली.

त्या तुतारीत भिकुबाई पुढं आली. तिनं ना रडू केलं, ना शिवी दिली. मायेनं विचारावं तसं विचारलं.

"तू हात कोठे धुयात रे, नवल?"

तो तिच्याकडे पाहू शकला नाही. त्यानं सब्बल उचलली.

पहिला घाव माझ्या डाव्या खांद्यावर बसला. हाड मोडल्याचा आवाज मला स्वतःला ऐकू आला. मी पडलो. दुसरा घाव रोहिणीवर होता, ती सरकली आणि सब्बल भिंतीवर आपटली. काचा उडून तिच्या गालात घुसल्या. हिलाल वरच्या जिन्यावरून उडी टाकूनच आला. त्यानं नवलचं भादरलेलं डोकं दोन्ही हातांनी धरून भिंतीवर आपटलं, एकदा, दोनदा. तिसऱ्यांदा रोहिणीनं पिस्तूल हिलालच्याच छातीला लावलं, तेव्हा थांबला.

"मला हा जिवंत पाहिजे," ती म्हणाली. तिच्या गालातून रक्त गळत होतं. "मोबाईल दे, नवल. त्या पोरांना परत बोलाव. आत्ता."

नवल चिखलात बसला होता. नाकातून, कपाळातून रक्त. मग तो बोलू लागला, आमच्याशी नव्हे, खड्ड्याशी.

"सगळ्यांना नाव सांगणार होता. माझे फोटो, नंबर विकल्याचं. ह्या हिलालसारख्या शंभर जणांनी मला फाडून खाल्लं असतं. मी समजवायला आलो होतो, काकू. खरंच समजवायला. त्यानं स्वतःचं ताट माझ्यापुढं सरकवलं. म्हणाला, दादा, आधी रोट खा, मग भांडू. मी खाल्लं. खाऊन होईपर्यंत तो काही बोलला नाही. मग पडद्याकडे वळला आणि म्हणाला, आता लिहितो. माझे हात खरकटे होते. डंबेल खरकट्या हातानंच उचललं."

रोहिणीनं त्याच्या खिशातून मोबाईल काढून त्याच्या हातात दाबला. त्यानं टाकलं, 'परत फिरा. पावरा नाही. मी.' चार हजार जणांनी ते वाचलं.

पंचवीसपैकी एकोणीस मोटारसायकली वाटेतच वळल्या. सहा पोचल्या होत्या. त्यांनी डोंगरसिंगला झोपडीबाहेर ओढून दोन्ही पाय मोडले. एका शिपायाचा जबडा मोडला. पेट्रोल टाकलं, पण काडी पेटवायच्या आधी त्यांचे मोबाईल वाजले.

७

प्रकाश शुक्रवारी सुटला. बापाला प्लास्टर घातलेलं, तो खाटेवरून म्हणाला, "आबा, जिवंत उना." मी मान हलवली. माझाही खांदा बांधलेला होता, आम्ही दोघं एकमेकांकडे पाहून थोडं हसलो. भुरीबाई हसली नाही. तिनं पोराचा मोबाईल घेतला आणि दगडावर ठेवून दुसऱ्या दगडानं ठेचला. मन भरेपर्यंत ठेचत राहिली.

हिलाल रोहिणीच्या कचेरीत दोन दिवस बसून कुणाकुणाचे फोटो कुठं गेले त्याची यादी करत होता. बोटं मोडल्याचा गुन्हा त्याच्यावर आहेच, तो त्यानं नाकारला नाही.

पुनवेला मी भिकुबाईकडे गेलो. दीपमाला पोराला घेऊन माहेरी, पिंपळनेरला गेली होती. जाताना पोरगं कुणाचं नाव लावणार, हे तिनं सांगितलं नाही. अंगणात भिकुबाई एकटीच होती. खड्ड्यातली माती पोलिसांनी डबीत भरून नेली होती. उरलेल्या खड्ड्यात तिनं कपड्यात बांधलेले रोट ठेवले आणि हातानंच माती लोटत होती.

मी एका हातानं तिला मदत केली. बुजून झाल्यावर तिनं वर फरशीचा तुकडा दाबला आणि तशीच बसून राहिली.

"नाना," ती म्हणाली, "यंदा अडीच मुठी गहू काढात. पुढला साल मी कितला काढू?"

मी एका हातानं फरशीच्या कडेची माती दाबू लागलो.